सतापीचं परडं

मंडळी, आमच्या भाचीचा मुलगा इंग्लंडात असतो हे नात्यातल्या सगळ्यांना ठाऊक आहे. त्याच्या घरी दिवाळीच्या सुमारास पाळणा हलणार आहे. तिथे मुलगा की मुलगी हे आधीच सांगतात, त्यामुळे मुलगा आहे हेही कळलेलं आहे आणि नावांची यादी आतापासूनच सुरू झाली आहे. हल्लीच्या पिढीच्या अटी तुम्हाला माहीत आहेतच. नाव छोटं हवं, सगळ्यांना उच्चारता आलं पाहिजे, वर्गात दुसऱ्या कोणाचं नसावं आणि 'अर्थ' चांगला हवा. या यादीत त्याने गमतीने एक इंग्रजी नाव घातलं आणि मला विचारलं, "मावशीआजी, रुडयार्ड कसं वाटतं? इथेसुद्धा कुणाचं नसतं. साइटवर अर्थ दिलाय, लाल आवार."

आता मी आयुष्यभर मराठी आणि इतिहास शिकवला. इंग्रजी माझी भाषा नव्हे. पण नावाचा अर्थ हा विषय निघाला की मला गप्प बसवत नाही.

तर रुडयार्ड. इंग्रज लोक त्याचा उच्चार 'रड्यर्ड' असा काहीतरी करतात. आपण लहानपणापासून रुडयार्ड किपलिंग म्हणत आलो, तेच इथे चालू ठेवते. मुळात हे माणसाचं नावच नव्हे. इंग्लंडच्या स्टॅफर्डशायर परगण्यात लीक नावाचं गाव आहे, त्याच्याजवळ रुडयार्ड हे खेडं. इ. स. १००२च्या सुमाराच्या जुन्या लेखात ते 'रुडेगेआर्ड' असं येतं आणि १०८६च्या डोम्सडे पुस्तकात, म्हणजे विल्यम राजाने करवलेल्या जमीन-महसुलाच्या मोठ्या पाहणीत, 'रुडिएर्ड' असं. त्यातला 'गेआर्ड' म्हणजे आजचा यार्ड, कुंपण घातलेली जागा. राहिला 'रुडे'. नावांच्या साइटी बेधडक लाल म्हणून मोकळ्या होतात. पण जुन्या इंग्रजीत लालला 'रेआड' म्हणत. 'रुडे' ही एक वनस्पती आहे, लॅटिनमधल्या 'रुटा'वरून आलेली. स्थलनामांचे अभ्यासक म्हणूनच रुडयार्डचा अर्थ 'रुटा लावलेलं आवार' असा देतात.

आणि ही रुटा म्हणजे कोण? आपली सताप! निळसर हिरवी, बारीक पानांची, उग्र वासाची. पूर्वी बाळंतिणीच्या घरी तिची कुंडी असायचीच. बाळाला सर्दी झाली की आमची आजी सतापीचा पाला चुरगळून फडक्यात बांधून उशाशी ठेवायची. (आताच्या आयांनी डॉक्टरला विचारल्याशिवाय काही करू नये. तिचा रस अंगाला लागून ऊन लागलं तर फोडसुद्धा येतात.) शेक्सपियरच्या हॅम्लेटमध्ये वेडी झालेली ऑफेलिया फुलंपानं वाटते, त्यातही ही आहे. इंग्रजीत तिचं आजचं नाव आणि पश्चात्तापाचा शब्द दिसायला हुबेहूब सारखे, म्हणून तिकडचे कवी त्यावर कोट्या करत आले. पण ते दोन शब्द मुळात वेगळे. एक लॅटिनमधून आला, दुसरा जुन्या इंग्रजीतलाच.

म्हणजे आपल्या भाषेत सांगायचं तर रुडयार्ड म्हणजे सतापीचं परडं. कोकणातल्या माणसाला हे लगेच कळेल.

पण माझा मुद्दा इथून पुढे सुरू होतो. समजा साइटवाल्यांनी बरोबर अर्थ दिला असता, तर? किपलिंगच्या आईबापांनी सतापीचा विचार केला होता का? मुळीच नाही. त्यांच्या डोक्यात वेगळंच काही होतं.

रुडयार्डजवळ एक तळं आहे. तेही निसर्गाचं नव्हे. अठराव्या शतकाच्या अखेरीस कालव्याला पाणी पुरवण्यासाठी बांध घालून केलेलं, सुमारे दोन मैल लांबीचं. पुढे आगगाडी आली आणि आसपासच्या कारखान्यांच्या गावांतली माणसं तिथे सहलीला जाऊ लागली. त्या भागात बर्स्लेम हे चिनी मातीच्या भांड्यांचं गाव, आणि तिथे जॉन लॉकवुड किपलिंग नावाचा तरुण कारागीर-कलावंत कामाला होता. १८६३ साली या तळ्याकाठच्या एका सहलीत त्याला आलिस मॅक्डोनल्ड भेटली. मार्च १८६५मध्ये लग्न झालं आणि लगोलग दोघं मुंबईला निघाली, कारण लॉकवुडला सर जे. जे. कलाशाळेत शिल्पाच्या शिक्षकाची जागा मिळाली होती. सुएझ कालवा अजून चार वर्षांनी उघडायचा होता. मुंबईत त्या वर्षी कापसाच्या सट्ट्याचा फुगा फुटलेला. परका देश, ओळखीचं कोणी नाही, आणि ती गरोदर. ३० डिसेंबर १८६५ला मुलगा झाला. नाव ठेवलं जोसेफ रुडयार्ड.

जोसेफ हे आजोबांचं नाव. त्या घराण्यात थोरल्या मुलांना आलटूनपालटून जॉन आणि जोसेफ ठेवायची रीत होती, थेट आपल्यासारखी. आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवतात आणि मग सुनेला सासऱ्याचं नाव घेता येत नाही म्हणून तो पोरगा जन्मभर 'बाळ' किंवा 'अप्पा' राहतो. रुडयार्ड हे मात्र रीतीबाहेरचं. आईबाप जिथे भेटले ते तळं. सहलीच्या जागेचं नाव मुलाला! आपल्याकडे कोणी मुलाला माथेरान म्हणून हाक मारील का? आपण स्थळांची नावं ठेवतो, नाही असं नाही. काशी, मथुरा, द्वारका, गोदावरी, पंढरी. पण ती तीर्थं. प्रेम जमलं त्या जागेचं नाव बारशाला कानात सांगायची आपल्यात कोणाची छाती नाही.

मला ते नाव आवडतं ते याच कारणाने. हजारो मैलांवर, उकाड्यात, एका बाईने आपल्या पहिल्या मुलाच्या अंगावर आपल्या मुलुखातलं थंड पाणी ठेवून दिलं असं मला वाटतं. हे कुठल्या कोशात सापडणार नाही. कोशातली सताप खरी आहे, पण ती त्या खेड्याची कथा आहे. मुलाच्या नावाचा अर्थ ते तळं आणि ती सहल. साइटवर अर्थ शोधणाऱ्यांना माझं म्हणणं एवढंच असतं, की नावाला अर्थ तुम्ही देता. कोश देतो ती व्युत्पत्ती.

असं करणारे किपलिंग पतिपत्नी पहिले नव्हेत. फ्लॉरेन्स नाइटिंगेल १८२० साली इटलीतल्या फ्लॉरेन्स शहरात जन्मली म्हणून फ्लॉरेन्स. तिच्या थोरल्या बहिणीचा जन्म नेपल्सचा, तर तिचं नाव पार्थेनोपी, कारण नेपल्सचं जुनं ग्रीक नाव ते! धाकटीच्या कामामुळे फ्लॉरेन्स हे नाव घराघरांत गेलं आणि बिचारी पार्थेनोपी तशीच राहिली. शर्ली या नावाची गंमत तर आणखी वेगळी. तेही मूळचं स्थलनाम, मग आडनाव, क्वचित पुरुषाचं नाव. १८४९ साली शार्लट ब्राँटेने आपल्या कादंबरीच्या नायिकेला ते दिलं (तिच्या वडिलांना मुलगा हवा होता, असं त्या गोष्टीत आहे) आणि तेव्हापासून ते मुलींचं होऊन गेलं. नावं कुठून कुठे जातील सांगता येत नाही. रुडयार्डचंही तसंच. खेड्याचं नाव तळ्याला, तळ्याचं माणसाला, आणि माणूस प्रसिद्ध झाल्यावर अमेरिकेत मिशिगन राज्यात एका रेल्वे अधिकाऱ्याने एका स्टेशनाला रुडयार्ड आणि दुसऱ्याला किपलिंग अशी नावं देऊन टाकली. नाव फिरून परत गावालाच चिकटलं.

एवढं असूनही मुलांना ते कोणी फारसं ठेवलं नाही. आल्फ्रेड, चार्ल्स, वॉल्टर ही लेखकांची नावं चालतात, रुडयार्ड चालत नाही. कारण उघड आहे. ते नाव एकाच माणसाचं होऊन बसलं. हाक मारली की किपलिंगच समोर येतो. आणि तो माणूस आपल्याला, म्हणजे आपण हिंदी लोकांना, सरळ पचणारा नाही.

माझ्या पिढीच्या शिक्षकांनी त्याला वर्गात नुसता साम्राज्यवादी म्हणून उरकला. त्यात चूक काही नव्हतं. १८९९ साली अमेरिकेने फिलिपिन्स ताब्यात घेतलं तेव्हा गोऱ्यांनी जगाचं ओझं उचलावं अशी कविता यानेच लिहिली. जालियनवाला बागेनंतर १९२०मध्ये जनरल डायरसाठी इंग्लंडात फंड निघाला, त्यातही याने वर्गणी दिली. मी हे विसरायला तयार नाही, आणि कोणी विसरावं असंही मला वाटत नाही. पण हाच माणूस मुंबईत पाच-सहा वर्षांचा होईपर्यंत आयेच्या कडेवर वाढला. त्या आयेला त्याने आत्मचरित्रात पोर्तुगीज कॅथलिक म्हटलं आहे, म्हणजे त्या काळच्या मुंबईत ती गोव्याकडची नाहीतर वसईकडची असणार. मीता नावाचा हिंदू नोकर त्याला देवळात न्यायचा. इथली बोली त्याला आधी येई आणि इंग्रजी तो तिच्यातून उलथं करून अडखळत बोले, असं त्याने स्वतःच लिहिलं आहे. १८७१ साली त्याला आणि तीन वर्षांच्या बहिणीला इंग्लंडात साउथसीला परक्या कुटुंबात ठेवून आईबाप परत आले. तिथले हाल तो कधी विसरला नाही. मुंबईत जे. जे.च्या आवारात त्याच्या जन्माची पाटी आहे. आज दिसणारा लाकडी बंगला मात्र नंतरचा आहे, बघायला जाणाऱ्यांनी एवढं लक्षात ठेवावं. त्यापेक्षा क्रॉफर्ड मार्केटच्या, म्हणजे महात्मा फुले मंडईच्या, दारांवरची कोरीव चित्रं मान वर करून बघा. ती त्याच्या वडिलांची. भाजी घ्यायला जाणाऱ्यांतले किती जण बघतात कोण जाणे.

'जंगल बुक' १८९४चं. आमच्या मुलांनी १९९०च्या दशकात रविवारी सकाळी दूरदर्शनवर मोगली पाहिला तेव्हा घरातलं कोणी जागचं हलत नसे. त्या पुस्तकात मोगली म्हणजे बेडूक असं दिलं आहे. पण किपलिंगने पुढे स्वतःच सांगितलं, की नाव आपणच बनवलं आणि कुठल्याही भाषेत त्याचा अर्थ बेडूक होतो असं आपल्याला माहीत नाही! बघा. जगातल्या लाखो मुलांना ज्या नावाचा अर्थ पाठ आहे तो अर्थच मुळात नाही. आणि तरीही आता मोगली म्हणजे बेडूकच. लांडग्यांच्या आईने त्या उघड्या गुळगुळीत पोराला बघून ते नाव दिलं, एवढं पुरेसं झालं.

स्वतःच्या मुलाला मात्र किपलिंगने रुडयार्ड ठेवलं नाही. थोरल्या मुलीला जोसेफीन, म्हणजे जोसेफचंच स्त्रीरूप. ती १८९९ साली सहा वर्षांची असताना न्यूमोनियाने गेली. मुलगा १८९७चा, त्याचं नाव घराण्याच्या रीतीप्रमाणे जॉन. तो सतराचा होत होता तेव्हा पहिलं महायुद्ध पेटलं. पोराचे डोळे अधू, सैन्यात घेईनात. बापाने आपली ओळख वापरून, लॉर्ड रॉबर्ट्सला सांगून, त्याला आयरिश गार्ड्समध्ये जागा मिळवून दिली. २७ सप्टेंबर १९१५ला फ्रान्समधल्या लूसच्या लढाईत जॉन दिसेनासा झाला. वाढदिवस होऊन सहा आठवडे झाले होते. बापाने किती वर्षं शोध घेतला, जखमी सैनिकांना भेटून विचारलं, पण १९३६ साली तो स्वतः गेला तोवर मुलाची कबर सापडली नाही. १९९२मध्ये एका अनाम कबरीवर जॉनचं नाव घालण्यात आलं, त्यावरही पुढे वाद झाले.

१९१७ साली युद्धातल्या मृतांच्या कबरींसाठी साम्राज्याचा एक आयोग नेमला गेला, त्यात किपलिंग सभासद झाला. कबरींवर आणि स्मारकांवर काय लिहायचं हे शब्द बरेचसे त्याचे किंवा त्याने निवडलेले. नाव चिरंतन राहील अशा अर्थाचं बायबलच्या परंपरेतलं वचन त्यानेच सुचवलं. ओळख न पटलेल्या सैनिकाच्या दगडावर, हा कोण हे देवालाच ठाऊक, अशा अर्थाची ओळही त्याचीच. आयोगाचं तत्त्वही चांगलं होतं. सरदार असो की शिपाई, दगड सारखा, आणि ज्यांचं शरीर मिळालं नाही त्यांचं नाव तरी कोरायचं.

आणि इथेच माझं या गृहस्थाशी आणि त्याच्या आयोगाशी भांडण आहे. ते कवितेवरून नाही.

फ्रान्समध्ये नव शापेल इथे हिंदी सैनिकांचं स्मारक आहे, १९२७ साली उघडलेलं. तिथे चार हजार सातशेहून अधिक हिंदी सैनिकांची आणि मजुरांची नावं कोरलेली आहेत. युरोपात, लोकांच्या डोळ्यांसमोर, तत्त्व पाळलं गेलं. पण इराकात, तेव्हाच्या मेसोपोटेमियात, काय झालं? तिथे आपली माणसं होती. कुतच्या वेढ्यात डिसेंबर १९१५ ते एप्रिल १९१६ जी सेना अडकली ती सहावी पुणे डिव्हिजन. तिच्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. सातारा, रत्नागिरी, कोल्हापूर, पुणे या भागांतले शेतकऱ्यांचे मुलगे. उपासमार झाली, शरणागती झाली, मग कैदेत वाळवंटातून पायपीट. किती जण वाटेतच गेले. बसऱ्याला मोठं स्मारक उभारलं, चाळीस हजारांवर मृतांसाठी. त्यावर इंग्रज सैनिकांची नावं, हिंदी अधिकाऱ्यांची नावं. आणि साध्या हिंदी शिपायाचं? नाव नाही. पलटणीच्या नावाखाली नुसता आकडा. या पलटणीचे आणखी इतके.

हा काही एकट्या किपलिंगचा निर्णय नव्हता. पण मुलाच्या नावासाठी जीव टाकणारा बाप त्या आयोगावर होता आणि नाव चिरंतन राहील हे शब्द त्याने निवडलेले होते. मग धोंडू आणि बाळू यांची नावं दगडावर बसेनात का? दगड कमी पडला की शाई? एप्रिल २०२१मध्ये त्या आयोगाच्या आजच्या वारसाने स्वतःच चौकशी करून अहवाल दिला, वंशभेदापायी असं घडल्याचं मान्य केलं आणि माफी मागितली. ब्रिटिश संरक्षणमंत्र्यांनीही त्यांच्या पार्लमेंटात मागितली. शंभर वर्षांनी का होईना. आफ्रिकेतल्या हमालांची आणि शिपायांची कथा त्या अहवालात याहून वाईट आहे.

मी पस्तीस वर्षं हजेरी घेतली आहे. दगडू, धोंडू, केरू अशी नावं कमी झालेली पाहिली. मुलं जगत नसत, म्हणून दृष्ट लागू नये असं नाव ठेवायचं. कोशात अर्थ दगड, आणि आईच्या मनात अर्थ 'हा तरी राहू दे.' आणि नकुशा याही पाहिल्या. तिथे मात्र कोश आणि मन एकच. रोज सकाळी मी "नकुशा" म्हणायची आणि ती "हजर" म्हणायची. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा दोनशे ऐंशीहून अधिक मुलींची नावं समारंभाने बदलली, ती बातमी वाचून मला किती बरं वाटलं काय सांगू. आकडा नको, नकोशीही नको. माणसाला हाक मारता येईल असं नाव पाहिजे.

तेव्हा चिरंजीव, तुला माझं उत्तर. रुडयार्ड ठेवू नकोस. ते किपलिंगमुळे वाईट झालं म्हणून नव्हे, नावाला पाप लागत नाही. साइटवर अर्थ चुकलाय म्हणूनही नव्हे. ते तळं दुसऱ्याचं आहे म्हणून. तुम्ही दोघं कुठे भेटलात ते मला ठाऊक आहे, कोथरूडच्या बसथांब्यावर. तेव्हा तो मार्ग अवघडच आहे म्हणा! पण दोन्हीकडच्या पणज्यांची नावं काय होती, ती गावं कुठली, नद्या कुठल्या, हे आईला विचार. त्या यादीत साइटपेक्षा नक्की काहीतरी बरं निघेल.

आणि ब्लॉगवरच्या मित्रमैत्रिणींना एक काम. आपल्याकडच्या बऱ्याच गावांत, चावडीच्या किंवा देवळाच्या भिंतीत, इंग्रजी अमदानीतली एक संगमरवरी पाटी असते. १९१४ ते १९१९च्या महायुद्धात या गावातून इतके गेले आणि त्यांतले इतके परत आले नाहीत, एवढंच तिच्यावर असतं. पुन्हा आकडाच. तुमच्या गावात ती असेल तर फोटो काढा आणि जुन्या घरांतून विचारा, कोणाचे आजे-पणजे होते ते. एक जरी नाव मिळालं तरी गावाच्या नावासकट इथे खाली लिहा. मी वहीत उतरवून ठेवते आहे.